मद्यपान आणि ख्रिस्ती विवेक

हिंदी चित्रपटांत एखादे ख्रिस्ती पात्र आले की त्याच्या हाती पेला किंवा बगलेत बाटली असावयाचीच, असा एक संकेत कित्येक वर्षे चालत आला. प्रेक्षकांना तो खटकला नाही, याचे कारण तो त्यांच्या मनातील एका समजुतीशी जुळणारा होता. ख्रिस्ती धर्माला मद्य वर्ज्य नाही, त्यांच्या उपासनेतही द्राक्षारस लागतो, तेव्हा ख्रिस्ती माणसाचे आणि मद्याचे काही वाकडे नाही, अशी ही समजूत. परंतु याच देशात नागालँड व मिझोराम ही ख्रिस्ती बहुसंख्येची राज्ये दारूबंदीच्या कायद्याकडे वळली, आणि ती तेथील चर्चच्या आग्रहामुळे वळली, ही गोष्ट त्या समजुतीत कोठेच बसत नाही. गोव्यातील कॅथलिक घरात सणासुदीला फेणीची बाटली निघते, त्यात कोणाला वावगे वाटत नाही. ऐझॉलमधील एखाद्या प्रेस्बिटेरियन घरात तीच बाटली लाजिरवाणी ठरते. दोन्ही घरांत एकच ग्रंथ वाचला जातो आणि एकाच प्रभूचे नाव घेतले जाते. मग यांपैकी खरे ख्रिस्ती मत कोणते?

हा प्रश्न केवळ ख्रिस्ती बांधवांच्या घरचा आहे असे समजून तो दूर सारण्याचे कारण नाही. जी गोष्ट स्वभावतः पाप नाही, परंतु जिच्यामुळे अनेकांची घरे बुडतात, तिच्या बाबतीत भल्या माणसाने कसे वागावे, हा सर्वांचाच प्रश्न आहे. आपल्या धर्मशास्त्राने तो एका घावात सोडविला. मनुस्मृतीने सुरापानाची गणना ब्रह्महत्येच्या जोडीने महापातकांत केली. कचाची राख मिसळलेले मद्य शुक्राचार्यांच्या पोटात गेले, आणि पुढे सावध झाल्यावर त्यांनी ब्राह्मणांना सुरापान कायमचे निषिद्ध केले, अशी महाभारतातील कथा आहे. निषेध असा स्पष्ट असला की विचाराचे काम थोडे उरते आणि प्रश्न राहतो तो पालनाचा. ते पालन कितपत होते, हे प्रभासक्षेत्रीच्या यादवांना विचारावे. ख्रिस्ती धर्माची घडण निराळी आहे. बाहेरून तोंडात जाणारे अन्न माणसाला विटाळत नाही, त्याच्या अंतःकरणातून बाहेर पडणारे दुष्ट विचार विटाळतात, अशी येशूची शिकवण आहे. या शिकवणीने भक्ष्याभक्ष्याची सारी यादीच गळून पडली. यादी गेली आणि मोकळीक आली, पण ती मोकळीक कशी वापरावयाची याचा विचार प्रत्येकाच्या माथी येऊन बसला. गेली दोन हजार वर्षे ख्रिस्ती समाज तो विचार करीत आहे.

प्रथम एका शब्दाचा उलगडा केला पाहिजे. मराठी बायबलात या पेयासाठी बहुधा ‘द्राक्षारस’ हा शब्द योजलेला आहे. शब्द सोज्वळ आहे, परंतु मराठी वाचकाच्या कानाला तो उसाच्या किंवा लिंबाच्या रसाच्या पंक्तीतला वाटतो. मूळ ग्रंथांतील पेय मात्र आंबलेले आणि चढणारे आहे. याच द्राक्षारसाने नोहाची शुद्ध जाऊन तो आपल्या तंबूत उघडा पडला, आणि याच द्राक्षारसाने लोटाला आपल्या मुलींचीही ओळख राहिली नाही. तेव्हा बायबलातील द्राक्षारस म्हणजे निव्वळ फळाचा रस, असे म्हणून या प्रश्नातून सुटका होत नाही.

बायबलाच्या जुन्या करारात या पेयाविषयी दोन सूर स्पष्ट ऐकू येतात. एक सूर कृतज्ञतेचा आहे. मनुष्याच्या अंतःकरणाला आनंद देणारा द्राक्षारस ही देवाची देणगी आहे, असे स्तोत्रकार गातो. द्राक्षमळा हे तर इस्राएल राष्ट्राचेच प्रतीक होऊन बसले आहे. दुसरा सूर सावधगिरीचा आहे. नीतिसूत्रांच्या पुस्तकात दारूबाजाचे जे चित्र आहे, त्याचे लाल डोळे, विनाकारण झालेल्या जखमा, मार खाऊनही न उमजणे आणि जागे होताच पुन्हा पेल्याचा शोध, ते आजही कोणत्याही शहराच्या रस्त्यावर जसेच्या तसे पाहावयास मिळते. त्याच पुस्तकात लमुएल राजाची आई मुलाला बजावते की राजाने मद्यापासून दूर राहावे, नाहीतर तो दीनांचा न्याय विसरेल. नाजीरी व्रत घेणारा मनुष्य व्रतकाळी द्राक्षारसच काय, द्राक्षेही वर्ज्य करी. रेखाबी नावाच्या कुळाला तर यिर्मया संदेष्ट्याने मंदिरात नेऊन त्यांच्यापुढे द्राक्षारसाचे पेले ठेवले, आणि आमच्या पूर्वजाची आज्ञा आहे म्हणून त्यांनी ते नाकारले. यिर्मयाने त्यांची वाखाणणी केली ती त्यांच्या निष्ठेसाठी. इतरांनीही द्राक्षारस टाकावा असे मात्र त्याने सांगितले नाही. हा बारकावा ध्यानात ठेवण्यासारखा आहे.

नव्या करारात हे दोन सूर दोन व्यक्तींच्या रूपाने समोरासमोर उभे राहतात. बाप्तिस्मा करणारा योहान हा विरक्त होता. त्याने मद्याला स्पर्श केला नाही. येशू लोकांच्या पंक्तीला बसत असे, आणि त्याला खादाड व दारूबाज म्हणून नावे ठेवणारेही होते. गालीलातील काना या गावच्या लग्नात द्राक्षारस संपला तेव्हा त्याने सहा दगडी रांजणांतील पाण्याचा द्राक्षारस केला. त्या रांजणांचे ग्रंथात दिलेले माप धरले तर तो पाचशे ते सातशे लिटर भरतो. शेवटच्या भोजनाच्या वेळी त्याने पेला हाती घेतला आणि तोच आपल्या स्मरणाचा विधी ठरविला. परंतु वधस्तंभावर खिळण्यापूर्वी शुद्ध हरपावी म्हणून बोळ मिसळलेला द्राक्षारस त्याच्यापुढे धरला गेला, तेव्हा त्याने तो घेतला नाही. लग्नघरी द्राक्षारस पुरविणारा आणि वेदनेच्या क्षणी भूल नाकारणारा असा हा एकच पुरुष आहे. पेला आनंदाचा असू शकतो, पण दुःखापासून पळ काढण्याचे ते साधन होऊ नये, असा अर्थ या दोन प्रसंगांतून काढला तर तो ओढूनताणून काढलेला होणार नाही.

पुढील शतकांत या प्रश्नाला निराळे वळण लागले. जडसृष्टी मुळातच दुष्ट आहे असे मानणारे काही पंथ निघाले. दुसऱ्या शतकातील टेशियनच्या नावाशी जोडला गेलेला पंथ मांस, विवाह व मद्य या तिन्ही गोष्टी त्याज्य मानी, आणि काही मंडळी तर प्रभुभोजनाच्या पेल्यातही नुसते पाणी घेत. तिसऱ्या शतकात कार्थेजचा बिशप सिप्रियन याने या प्रथेविरुद्ध एक सविस्तर पत्र लिहिले. चौथ्या शतकात योहान क्रिझोस्टम या प्रख्यात वक्त्याने दारूबाजांवर कोरडे ओढले, परंतु द्राक्षारसच जगात नसता तर बरे झाले असते असे म्हणणाऱ्यांनाही त्याने तितकेच फैलावर घेतले. खून होतात म्हणून लोखंडाला आणि चोऱ्या होतात म्हणून रात्रीला दोष द्यावयाचा काय, असा त्याचा सवाल होता. त्याच सुमाराच्या एका प्राचीन नियमसंग्रहात धर्मगुरूंसाठी एक मार्मिक नियम आढळतो. एखादा धर्मगुरू आत्मसंयमासाठी मद्य सोडील तर त्यात काही गैर नाही; परंतु त्या वस्तूची किळस मानून, देवाने निर्मिलेल्या पदार्थाची निंदा करून ती सोडील, तर त्याने आपली चूक सुधारावी, नाहीतर पदावरून दूर व्हावे.

या नियमात फार मोठी सूक्ष्मता आहे. दोघांनीही पेला खाली ठेवला आहे. बाहेरून पाहणाराला दोघांत काही भेद दिसणार नाही. तरीही एकाचा त्याग पुण्यप्रद आणि दुसऱ्याचा दोषास्पद, कारण एकाने स्वतःला आवरले आहे आणि दुसऱ्याने सृष्टीला हिणवले आहे. सृष्टीला हिणवणारा मनुष्य तिचा उपभोग घेणाऱ्या शेजाऱ्यालाही हिणवू लागतो, आणि तेथून धर्माचे रूपांतर सोवळ्यात होण्यास वेळ लागत नाही.

मध्ययुगीन विचार या पायावर उभा राहिला. सहाव्या शतकात संत बेनेडिक्टने आपल्या मठवासीयांसाठी नियम केले, तेव्हा खरे पाहता संन्याशाने मद्य घेऊच नये हे त्याने मान्य केले. परंतु आजच्या संन्याशांना ते पटवून देता येत नाही, असे मोकळेपणाने सांगून त्याने दर दिवशी दर माणशी एक हेमिना, म्हणजे साधारण पाव लिटर, द्राक्षारसाची मर्यादा घालून दिली. तेराव्या शतकातील थोर तत्त्वज्ञ थॉमस अॅक्वायनस याने सारा प्रश्न तर्काच्या चाळणीतून काढला. मद्य घेणे स्वतः पाप नाही. परंतु चार परिस्थितींत ते अयोग्य ठरते. घेणाऱ्याला ते लवकर बाधत असेल, त्याने न घेण्याचे व्रत केले असेल, तो प्रमाण ओलांडीत असेल, अथवा त्याच्या घेण्याने दुसऱ्याचे पाऊल घसरत असेल तर. पहिल्या तिन्ही अटी घेणाऱ्यापुरत्या आहेत. चौथी अट त्याला स्वतःच्या बाहेर पाहावयास लावते. माझ्या मते या साऱ्या चर्चेचा कणा ही चौथी अट आहे, आणि पुढील काळात तिचे महत्त्व वाढतच गेले.

ते वाढण्याचे कारण असे की मद्यच बदलले. प्राचीन काळचा द्राक्षारस नैसर्गिकपणे आंबविलेला असे, आणि भूमध्य समुद्राकाठचे लोक तो प्रायः पाणी घालून घेत. ऊर्ध्वपातनाने गाळलेली कडक दारू ही फार पुढची, आणि ती स्वस्त होऊन गरिबांच्या वस्तीत पोहोचली ती तर आणखी पुढे. अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात लंडन शहरात जिन नावाच्या दारूने जो हाहाकार उडविला त्याला आवर घालण्यासाठी १७३६ व १७५१ साली पार्लमेंटला कायदे करावे लागले. चित्रकार होगार्थने १७५१ मध्येच त्या दुर्दशेचे चित्र कोरून ठेवले. मेथॉडिस्ट पंथाचा प्रवर्तक जॉन वेस्ली याच काळातला. त्याने १७४३ च्या नियमांत आपल्या अनुयायांना गाळलेल्या दारूची खरेदी-विक्री आणि, अगदी नडल्याखेरीज, तिचे सेवन वर्ज्य केले. दारू गाळून विकणारे व्यापारी हे सरसकट विष घालणारे आहेत, असे तो म्हणे. त्यांचे वाडे, त्यांच्या बागा लोकांच्या रक्तावर उभ्या आहेत असे त्याला दिसे. हाच वेस्ली द्राक्षारसाचा शत्रू नव्हता. त्याचा राग पेयापेक्षा त्या पेयाच्या धंद्यावर होता. येथे प्रथमच हा प्रश्न एका माणसाच्या संयमापुरता न राहता समाजाच्या अर्थव्यवस्थेचा झाला.

एकोणिसाव्या शतकात यातूनच संपूर्ण मद्यत्यागाची चळवळ उभी राहिली. १८३२ साली इंग्लंडमधील प्रेस्टन गावी जोसेफ लिव्हसी व त्याच्या सहा सोबत्यांनी सर्व प्रकारचे मद्य सोडण्याची शपथ लिहून दिली. आयर्लंडमध्ये थिओबाल्ड मॅथ्यू या कॅथलिक धर्मगुरूने १८३८ साली स्वतः शपथ घेतली आणि पुढील काही वर्षांत लक्षावधी लोकांना ती घ्यावयास लावली. अमेरिकेत १८७४ साली ख्रिस्ती स्त्रियांनी मद्यनिषेधाचा संघ स्थापन केला. या स्त्रियांकडे पाहून पुष्कळांनी सोवळेपणाची टवाळी केली, परंतु त्यांच्या बाजूने एक कठोर वास्तव उभे होते. नवऱ्याच्या मजुरीवर सारे घर चाले, आणि ती मजुरी शनिवारी रात्री गुत्त्यात रिकामी झाली की उपाशी राहणारी मुले त्यांची होती. पेला कोणाच्या हाती आणि त्याची किंमत कोणाच्या पदरी, हा हिशेब या स्त्रियांनी पहिल्यांदा चव्हाट्यावर मांडला.

या हिशेबाचा धागा आपल्यापर्यंतही पोहोचला. पंडिता रमाबाई १८८६ ते १८८८ या काळात अमेरिकेत होत्या. या संघाशी त्यांचा निकटचा संबंध आला, आणि १८८९ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या प्रवासवृत्तात त्यांनी तेथील स्त्रियांच्या संघटित कार्याची ओळख मराठी वाचकांना करून दिली. त्याच सुमारास, १८८८ साली, विल्यम स्प्रोस्टन केन या बाप्टिस्ट खासदाराने हिंदुस्थानातील आबकारी धोरणाविरुद्ध लंडनमध्ये एक संस्था उभारली. ख्रिस्ती म्हणविणारे सरकार दारूच्या ठेक्यांवर आपला खजिना भरते, ही गोष्ट इंग्लंडमधील श्रद्धाळू ख्रिस्ती माणसालाच सर्वांत जास्त टोचली, हे आपण विसरता कामा नये.

तथापि या उदात्त चळवळीच्या पोटात एक दोषही वाढला. काही प्रचारकांना संपूर्ण मद्यत्यागाला ग्रंथाचा थेट आधार हवा होता, आणि तो मिळेना. तेव्हा त्यांनी असे प्रतिपादन सुरू केले की बायबलात दोन प्रकारचे द्राक्षारस आहेत. जेथे स्तुती आहे तेथे तो न आंबविलेला रस, आणि जेथे निंदा आहे तेथे आंबविलेले मद्य. १८६९ साली थॉमस वेल्च या अमेरिकन मेथॉडिस्ट दंतवैद्याने द्राक्षांचा रस तापवून न आंबता टिकविण्याची युक्ती काढली, ती प्रभुभोजनासाठीच होय, आणि अनेक प्रोटेस्टंट चर्चमधून मद्याची जागा त्या रसाने घेतली. रस वापरण्यात गैर काही नाही. परंतु काना गावच्या लग्नातही असाच रस होता असे सांगणे म्हणजे सत्कार्यासाठी ग्रंथाचा अर्थ मोडणे होय. चांगल्या हेतूने केलेला असला तरी अर्थाचा अनर्थ तो अनर्थच. शिवाय त्याची गरजही नव्हती. मद्यत्यागाचे खरे समर्थन त्याच ग्रंथात, पौलाच्या पत्रांत, कधीचेच येऊन गेले होते.

करिंथ शहरात पौलापुढे वाद आला तो मद्याचा नव्हता. मूर्तीला वाहिलेल्या मांसाचा होता. बाजारात येणारे पुष्कळसे मांस देवळांतून आलेले असे. जाणते ख्रिस्ती म्हणत, मूर्तीत काही सामर्थ्य नाही, तेव्हा मांस खाण्यास काय हरकत आहे? परंतु कालपरवापर्यंत त्याच मूर्तीला भजणारा एखादा नवा ख्रिस्ती त्यांना खाताना पाही, स्वतःही खाई, आणि मनाने पुन्हा जुन्या वाटेला लागे. पौलाने जाणत्यांचा युक्तिवाद बिनचूक म्हणून मान्य केला, आणि तरीही त्यांचा हात धरला. आपल्या ज्ञानाने दुबळ्या बंधूचा नाश होणार असेल तर ते ज्ञान काय कामाचे? माझ्या खाण्याने तो अडखळत असेल तर मी जन्मात मांस खाणार नाही, असा त्याचा निश्चय होता. रोमच्या मंडळीला लिहिताना त्याने हाच नियम नाव घेऊन द्राक्षारसालाही लावला. गंमत अशी की हाच पौल तीमथ्य या आपल्या तरुण सहकाऱ्याला, नुसते पाणी पीत राहू नको, पोटाच्या दुखण्यासाठी थोडा द्राक्षारस घेत जा, असे सांगताना आढळतो. दोन्ही सल्ल्यांत विसंगती नाही. दोन्ही ठिकाणी तो पेल्याकडे पाहत नसून माणसाकडे पाहत आहे.

येथे एक रास्त आक्षेप उभा राहतो. प्रत्येक वेळी दुबळ्याच्या दृष्टीने वागावयाचे ठरविले तर स्वातंत्र्याला अर्थ काय उरला? मग जगातील सर्वांत संशयी, सर्वांत कोत्या मनाचा मनुष्य साऱ्यांचा धनी होऊन बसेल. कोणाला संगीत खटकेल, कोणाला नाटक खटकेल, आणि आपण एकेक गोष्ट सोडीत बसू. हा धोका काल्पनिक नाही. अनेक धर्मसमाजांत तो प्रत्यक्ष घडला आहे.

याचे उत्तर असे की ‘खटकणे’ आणि ‘अडखळणे’ या दोन गोष्टी भिन्न आहेत. शेजारी पेला पाहून ज्याच्या कपाळाला आठी पडते तो दुबळा बंधू नव्हे. तो टीकाकार आहे, आणि बहुधा चांगलाच बळकट आहे. दुबळा बंधू तो, ज्याने दोन वर्षांच्या धडपडीनंतर दारू सोडली आहे आणि ज्याला या एका पेल्याने पुन्हा खड्ड्यात जावयाचे आहे. येशूने टीकाकारांसाठी पंक्ती सोडली नाही. त्यांनी दारूबाज म्हटले ते त्याने सोसले. पौलाने अडखळणाऱ्यासाठी पंक्ती सोडण्याची तयारी दाखविली. एकाने लोकनिंदेची भीती बाळगली नाही, दुसऱ्याने स्वतःच्या हक्काचा आग्रह धरला नाही. या दोन्ही वृत्ती एकत्र ठेवल्या म्हणजे ख्रिस्ती विवेकाचा तोल कळतो. नित्याच्या व्यवहारात आपण नेमके उलट करतो. मोठ्या माणसाला काय वाटेल म्हणून पेला लपवतो, आणि घरात कोण झुंजत आहे याची चौकशी न करता तो सर्वांपुढे फिरवितो.

‘आग्रह’ हा आपल्या मराठी पाहुणचाराचा एक मोठा गुण मानला जातो. जिलबीच्या बाबतीत तो शोभतो. दुसऱ्या पेयाच्या बाबतीत त्याच आग्रहाचे काय होते, हे राम गणेश गडकऱ्यांनी दाखवून ठेवले आहे. १९१९ साली बडोद्यास रंगभूमीवर आलेल्या त्यांच्या नाटकाचे नावच मुळी आग्रहाचे आहे : ‘एकच प्याला’. सुधाकर बुद्धिमान होता, मानी होता. त्याला त्या क्षणी न घेण्यासाठी कोणाच्या उपदेशापेक्षा कोणाच्या सोबतीची गरज होती. ती सोबत मिळाली तळीरामाची. पेला पुढे करणारा प्रत्येक यजमान तळीराम असतो असे नाही. परंतु नाकारणाऱ्याला कारण विचारणारा यजमान नकळत त्या वाटेवर एक पाऊल टाकतो.

या दृष्टीने दोन अर्वाचीन गोष्टी मला फार बोलक्या वाटतात. कॅथलिक चर्चच्या नियमाप्रमाणे मिस्साच्या पेल्यात द्राक्षांपासून झालेला खराखुरा द्राक्षारसच असावा लागतो; यात ते चर्च तडजोड करीत नाही. परंतु एखादा धर्मगुरूच मद्याच्या व्यसनातून उठलेला असेल तर त्याने काय करावे? त्याच्यासाठी, वरिष्ठांच्या परवानगीने, आंबण्याची क्रिया जेमतेम सुरू होताच थांबविलेला रस वापरण्याची मुभा आहे, आणि २००३ साली व्हॅटिकनने ती पुन्हा स्पष्ट केली. नियम राहिला, आणि दुबळ्या बंधूसाठी वेदीवरच जागा झाली. दुसरी गोष्ट ‘अल्कोहोलिक्स अॅनॉनिमस’ या मंडळाची. १९३५ साली अमेरिकेतील अॅक्रन शहरी दोन व्यसनी माणसांच्या भेटीतून ते जन्मले. ऑक्सफर्ड ग्रुप नावाच्या ख्रिस्ती चळवळीचे संस्कार त्याच्या मुळाशी होते, जरी पुढे ते सर्व धर्मीयांना खुले झाले. तेथे सबळाने दुर्बळाला उपदेश करावा असा प्रकार नाही. एक पडलेला दुसऱ्या पडलेल्याला हात देतो. अनेक देशांत या मंडळाच्या बैठका चर्चच्या खोल्यांतून भरत आल्या आहेत. वरच्या मजल्यावर वेदीवर द्राक्षारस, आणि खालच्या खोलीत त्याला जन्मभर दूर ठेवण्याचा निश्चय करणारी माणसे, असे दृश्य एका छताखाली दिसू शकते. यात ढोंग आहे असे मला वाटत नाही.

मग कायद्याचे काय? जी गोष्ट एकट्याच्या विवेकाला जड जाते ती सरकारने का करू नये? अमेरिकेने ते करून पाहिले. १९२० पासून तेथे घटनादुरुस्तीने देशव्यापी दारूबंदी आली. प्रभुभोजनाच्या द्राक्षारसाला तीतून सूट होती. चोरटा धंदा व गुंडांच्या टोळ्या माजल्या, आणि १९३३ साली ती दुरुस्ती मागे घ्यावी लागली. आपल्या घटनेच्या ४७ व्या कलमात दारूबंदीचे ध्येय नमूद आहे. १९४९ चा मुंबई दारूबंदी कायदा १९६० नंतर गुजरात राज्याकडे वारशाने आला, तेव्हा तेथे राहणाऱ्या मराठी कुटुंबांना कायद्याने काय साधते आणि काय साधत नाही हे कोणी सांगावयास नको. नागालँडने १९८९ साली बाप्टिस्ट चर्चच्या प्रेरणेने संपूर्ण बंदी आणली, परंतु दारूची चोरटी वाहतूक थांबली नाही. मिझोरामात १९९५ च्या कायद्याने १९९७ पासून बंदी आली, २०१४ च्या कायद्याने ती सैल झाली आणि २०१९ च्या कायद्याने पुन्हा आवळली गेली. या ये-जा करणाऱ्या कायद्यांवरून असे दिसते की ज्या समाजात चर्चचा शब्द एवढा चालतो तेथेही हा प्रश्न एकदाचा मिटत नाही.

म्हणून कायदा निरुपयोगी आहे असा निष्कर्ष काढणे घाईचे होईल. गुत्त्याची वेळ, दुकानांची संख्या, विषारी दारूचा बंदोबस्त, मुलांना विक्री न होणे, यांची जबाबदारी सरकारवर आहेच. ठेक्याच्या उत्पन्नाला चटावलेल्या सरकारला ती टाळता येणार नाही. परंतु कायदा हात रोखू शकतो, त्याग शिकवू शकत नाही. पौलाने स्वखुशीने जे सोडले ते त्याच्याकडून हिसकावून घेतले असते तर त्याला त्यागाचे मोल उरले नसते. जेथे धर्मसंस्था आपल्या वाट्याचे काम पोलिसांवर सोपविते, तेथे व्यसनी माणूस तिच्या लेखी बंधू न राहता गुन्हेगार होतो, आणि तो मग तिच्या दाराशी येण्याचे सोडतो. ही हानी फार मोठी आहे.

अलीकडच्या वैद्यकशास्त्राने या जुन्या वादात एक नवी साक्ष नोंदविली आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोगविषयक संस्थेने १९८८ सालीच मद्य हे कर्करोगाचे निश्चित कारण म्हणून गणले, आणि २०२३ च्या जानेवारीत त्या संघटनेने, आरोग्याला निर्धोक असे मद्याचे कोणतेही प्रमाण सांगता येत नाही, असे जाहीर केले. तीमथ्याला दिलेल्या सल्ल्यावर हवाला ठेवून औषध म्हणून पेला घेणाऱ्याने याची दखल घेतली पाहिजे. पौल आज असता तर त्याने पोटदुखीसाठी तीमथ्याला वैद्याकडे धाडले असते. परंतु या साक्षीने मूळ नैतिक प्रश्न मिटत नाही. आरोग्याची चिंता ही अखेर स्वतःची चिंता आहे. केवळ आपला जीव जपण्यासाठी मद्य सोडणारा शहाणा म्हणावा. पण शेजाऱ्याविषयी तो पूर्वीइतकाच बेफिकीर राहू शकतो.

दोन प्रकारच्या आत्मसंतुष्टतेपासून या परंपरेने माणसाला सावध केले आहे. ‘मी प्रमाणात घेतो, माझे काही बिघडत नाही,’ असे म्हणणारा एक. त्याचे बहुधा खरे असते. परंतु त्याचा हिशेब स्वतःपाशी सुरू होऊन स्वतःपाशी संपतो. ‘मी स्पर्शही करीत नाही,’ असे म्हणणारा दुसरा. त्याचेही खरे असते. परंतु त्याच्या स्वरात जर पिणाऱ्याविषयी तुच्छता असेल, तर प्राचीन नियमाने ज्याला पदावरून दूर केले असते त्यांतला तो आहे. दोघांनाही एकच प्रश्न विचारावा लागेल : तुझ्या पंक्तीत जो झुंजतो आहे, त्याला तुझ्यामुळे बळ मिळाले की तो अधिक एकटा पडला?

गोव्यातील घर आणि ऐझॉलमधील घर, यांपैकी खरे ख्रिस्ती कोणते, याचा निवाडा बाटलीवरून करता येणार नाही. ज्या घरी फेणी निघते तेथे ती नाकारणाऱ्याला कोणी कारण विचारीत नसेल, आणि त्याच्यासाठी सरबताचा पेला तितक्याच अगत्याने पुढे येत असेल, तर त्या घरी पौलाचा नियम पाळला जात आहे. ज्या घरी बाटलीला मज्जाव आहे तेथे पिऊन आलेल्या मुलासाठी रात्री दार उघडले जात असेल, तर तेथेही तो पाळला जात आहे. आणि जेथे यांपैकी काहीच होत नाही, तेथे पेला भरलेला असो वा रिकामा, प्रश्न तसाच उभा आहे.